मदत हवी आहे : पॅकेजिंग सोडून कॉमिक्सच्या लेटरिंगकडे कसं वळावं?

नमस्कार मंडळी. पुण्यात नऊ वर्षं ग्राफिक डिझायनर आहे. काम मुख्यतः मसाल्यांच्या पाकिटांचं. आता कॉमिक्समध्ये जायचंय, चित्रकार म्हणून नाही, लेटरिंग (म्हणजे संवादाच्या फुग्यांतला मजकूर लिहिणं) आणि लोगोसाठी.

माझा आदर्श म्हणजे अमेरिकन लेटरिंग कलाकार टॉड क्लाइन. ते १९७७ साली डीसी कॉमिक्स या प्रकाशनसंस्थेच्या प्रॉडक्शन विभागात लागले आणि पुढे लेटरिंगमध्येच नावारूपाला आले. ‘सँडमन’ या कॉमिक्समधल्या नायकाचं बोलणं त्यांनी काळ्या, नागमोडी कडांच्या फुग्यात पांढऱ्या अक्षरांनी लिहिलं. वाचताना त्याचा आवाजच ऐकू येतो! मला हे मराठीत करायचंय.

अडचण देवनागरीची आहे. इंग्रजी कॉमिक्समध्ये बहुतेक मजकूर कॅपिटलमध्ये, एका उंचीचा. आपल्याकडे वर वेलांटी, रफार, खाली उकार. ओळींत जास्त जागा सोडावी लागते आणि फुगा चित्रावर चढतो. ‘एक टाइप’ या फॉन्ट बनवणाऱ्या संस्थेचे ‘मुक्ता’ आणि ‘बालू’ फॉन्ट वापरून पाहिले. सुंदर आहेत, पण कुजबुज त्यांत उतरत नाही. अशा ठिकाणी तुम्ही हातानेच लिहिता का?

मानधन पानामागे ठरवायचं की अख्ख्या पुस्तकाचं? आणि छापील काम नसताना स्वतः केलेली चार-पाच पानं प्रकाशकांना दाखवली तर चालतात का? अनुभव असलेल्यांनी कृपया सविस्तर लिहा.