टुरेटिन वाचायला घेतलाय, साठ पानांत अडकलोय. पुढे कसं जायचं?

जुनी_वही:

नमस्कार मंडळी. ल्यूथर आणि कॅल्विन हे सोळाव्या शतकातले प्रोटेस्टंट सुधारक थोडेफार वाचून झाले, मग वाटलं की त्यांच्यानंतरच्या शे-दीडशे वर्षांत प्रोटेस्टंट विद्यापीठांमध्ये काय शिकवलं जायचं ते कळल्याशिवाय काही खरं नाही, म्हणून सतराव्या शतकातल्या फ्रान्सिस टुरेटिनच्या धर्मशास्त्रावरच्या तीन खंडांचं इंग्रजी भाषांतर घेतलं. पहिल्या पानापासून सुरू केलं आणि साठेक पानांत दम लागलाय. प्रत्येक प्रश्नात व्याख्या, मग भेद, मग भेदाचे पोटभेद, मग विरोधकांचे आक्षेप, मग त्या आक्षेपांना उत्तरं. वही भरत चाललीये पण डोक्यात काही राहत नाही, दुसऱ्या दिवशी वही उघडली की आपणच लिहिलेलं परकं वाटतं.

आधी लॅटिन शिकायला हवं का? आणि बऱ्याच ठिकाणी असं वाचलं की कॅल्विनचा जिवंत विचार या मंडळींनी ॲरिस्टॉटलच्या तर्कात गोठवून टाकला. हे खरं असेल तर यात वर्ष-दोन वर्षं घालवावीत का, हा मुख्य प्रश्न. मनापासून शिकायचंय, म्हणून विचारतोय.

सावकाश_वाचणारा:

पहिली गोष्ट, सलग वाचू नका. ते पुस्तक तसं वाचायसाठी लिहिलेलंच नाही. टुरेटिन जिनिव्हात शिकवायचा, १६७९ ते १६८५ मध्ये हे तीन खंड आले, आणि नावातच 'एलेंक्टिक' आहे, म्हणजे चुकीच्या मताचं खंडन करत करत समजावणारं. अख्खा ग्रंथ प्रश्नांचा आहे. एक प्रश्न उचला आणि त्यावर आठवडा काढा.

प्रश्न हातात घेतला की आधी 'स्टाटुस क्वेस्तिओनिस' शोधायचं, म्हणजे वाद नेमका कशावर आहे ते. तिथे तो सांगतो की प्रश्न असा नाही, तसाही नाही, प्रश्न असा आहे. या 'असा नाही' वाल्या ओळी आपण घाईत ओलांडतो आणि तिथेच फसतो, कारण दोन्ही बाजूंना आधीपासून काय मान्य आहे ते त्याच ओळींत असतं. मी पहिल्या वेळी त्या सोडून थेट युक्तिवादावर उडी मारायचो, आणि मग टुरेटिन ज्यांच्याशी भांडतोय ते लोक मला बावळट वाटायचे. ते बावळट नव्हते, मला त्यांचं म्हणणंच कळलेलं नव्हतं.

एक उदाहरण घेऊ. पहिल्या विषयातला सातवा प्रश्न काढा, धर्मशास्त्र हे चिंतनाचं शास्त्र की आचरणाचं. वाटतं की हा काय प्रश्न झाला, रिकामटेकड्या प्राध्यापकांचा. आता बघा. हा वाद मध्ययुगापासूनचा आहे, ॲक्विनास म्हणाला मुख्यतः चिंतनाचं, स्कोटस म्हणाला आचरणाचं. टुरेटिन म्हणतो दोन्ही मिळून आहे, पण कल आचरणाकडे जास्त. मग एवढं भांडण कशासाठी? तर त्याच्या काळात सोसिनियन (त्रैक्य नाकारणारे) आणि रेमॉन्स्ट्रंट (कॅल्विनच्या परंपरेतून फुटलेला डच गट) म्हणत होते की धर्मशास्त्र निव्वळ आचरणाचं आहे, आणि ते एकदा मान्य केलं की त्रैक्य किंवा ख्रिस्ताचा देहावतार यांसारख्या ज्या शिकवणुकीतून थेट कुठली आज्ञा निघत नाही ती तारणासाठी आवश्यक नाही असं म्हणायला वाट मोकळी होते. म्हणजे दिसायला वर्गीकरणाचा प्रश्न, आणि खाली प्रश्न हा की माणसाने काय मानलंच पाहिजे. हे मला दिसलं त्या दिवशी हे पुस्तक माझ्यासाठी उघडलं. आपल्याकडे आधी पूर्वपक्ष नीट मांडून मग सिद्धान्ताकडे जायची जी शिस्त आहे ना, ती डोक्यात ठेवून वाचा, खूप सोपं जातं.

वहीत सारांश लिहू नका. एका प्रश्नाला फक्त तीन ओळी: दोघांना मान्य काय, वाद कशावर, आणि कुठल्या एका भेदाने गाठ सुटली.

लॅटिनची_गोडी:

लॅटिनचं मी सांगते. त्यासाठी थांबू नका, पण टाळूही नका. ही शाळेतली, वर्गातली लॅटिन आहे, वाक्यरचना ठरलेली, तेच तेच शब्द फिरून येतात, सिसेरोपेक्षा कितीतरी सोपी. सगळ्यात चांगली सुरुवात म्हणजे लायडनचं 'सिनॉप्सिस'. रेमॉन्स्ट्रंटांचं मत फेटाळणाऱ्या डॉर्टच्या धर्मसभेनंतर नेदरलँड्समधल्या लायडनच्या चार प्राध्यापकांनी, पोलियांडर, रिव्हेटस, वालेयस आणि थिसियस यांनी, मिळून ते केलं, १६२५ मध्ये छापलं, एकूण ५२ वादप्रबंध, प्रत्येकात आकडे घातलेले छोटे छोटे सिद्धान्त. अलीकडे त्याची द्विभाषिक आवृत्ती निघालीये, लॅटिन आणि इंग्रजी समोरासमोर. रोज दोन सिद्धान्त, आधी लॅटिन, अडलं तर इंग्रजीकडे नजर टाकायची. रिचर्ड मुलरचा लॅटिन-ग्रीक धर्मशास्त्रीय संज्ञांचा कोश शेजारी उघडा ठेवा, साध्या शब्दकोशात तुम्हाला 'हॅबिटुस' म्हणजे सवय एवढंच मिळेल आणि घोटाळा होईल.

मग जुन्या छापील प्रतींचे स्कॅन बघायला लागा, पोस्ट-रिफॉर्मेशन डिजिटल लायब्ररी नावाच्या साइटवर लेखकाचं नाव टाकलं की लिंका मिळतात. पहिले काही दिवस डोळे दुखतील. शब्दाच्या सुरुवातीचा आणि मधला 'स' तेव्हा लांब काढायचे, तो हुबेहूब 'फ' च्या अक्षरासारखा दिसतो, 'एक्लेसिया' (चर्च) हा शब्द मी कितीतरी वेळा 'एक्लेफिया' वाचलाय. स्वरावर आडवी रेघ असली तर पुढचा म किंवा न गाळलाय असं समजायचं. आणि पानाच्या तळाशी उजवीकडे एक सुटा शब्द असतो, मला आधी ती छपाईची चूक वाटली होती, तो पुढच्या पानाचा पहिला शब्द असतो, पानं जुळवताना चूक होऊ नये म्हणून.

अजून एक, ही पुस्तकं वर्गातल्या तोंडी वादातून आलीत हे विसरू नका. प्राध्यापक अध्यक्षस्थानी, विद्यार्थी सिद्धान्तांचा बचाव करणारा, बाकीचे आक्षेप घेणारे. छापील वादप्रबंधावर दोघांचीही नावं असतात, त्यामुळे लेखक कोण ते पटकन ठरवू नका. टुरेटिनच्या पानावरचे आक्षेप कोरडे वाटतात ना, ते असेच कुणीतरी समोर उभं राहून घेतलेत अशी कल्पना करून मोठ्याने वाचा.

युनियसचा_विद्यार्थी:

वरच्या दोघांचं बरंचसं पटलं पण आठवड्याला एक प्रश्न यात एक धोका आहे, झाडं दिसतील, जंगल दिसणार नाही. मी म्हणेन टुरेटिन महिनाभर बाजूला ठेवा आणि लायडनच्याच युनियस या प्राध्यापकाचा १५९४ चा खऱ्या धर्मशास्त्रावरचा छोटा ग्रंथ आधी वाचा. त्यात तो म्हणतो, देवाचं स्वतःबद्दलचं ज्ञान हे मूळ, ते फक्त त्याचंच, आपल्याला मिळतं ते त्याची प्रतिकृती, आणि त्यातही आपण जे करतो ते वाटसरूंचं धर्मशास्त्र, अजून पोचायचंय अशा माणसांचं. नंतरची ही सगळी भेदांची यंत्रणा या कबुलीवर उभी आहे. हे लोक सगळं कळल्याच्या तोऱ्यात लिहितात असा जो समज आहे तो इथेच गळून पडतो.

आता 'गोठवलं' या आरोपाबद्दल, कारण याने फार लोकांना वाचण्याआधीच परत फिरवलंय. कॅल्विनच्याच 'इन्स्टिट्यूट्स' या मुख्य ग्रंथाचा पहिला भाग, सोळावा अध्याय, नववा परिच्छेद काढा. ख्रिस्ताची हाडं स्वभावतः मोडण्यासारखीच होती, तरी देवाच्या संकल्पामुळे ती मोडणं अशक्य होतं, आणि तिथे तो स्वतः म्हणतो की आवश्यकतेचे हे जे भेद शाळांमध्ये शोधले गेले ते उगाच नाहीत. म्हणजे ज्या हत्यारांनी पुढच्यांनी त्याला मारलं असं म्हणतात ती त्याच्या हातात होतीच. स्कोलॅस्टिकांवर, म्हणजे अशा भेद-आक्षेपांच्या विद्यापीठी पद्धतीने लिहिणाऱ्यांवर, तो चिडतो हे खरं, पण फ्रेंच आवृत्तीत अशा बऱ्याच जागी तो सरळ पॅरिसच्या सोरबॉनमधल्या कॅथलिक पंडितांचं नाव घेतो, राग कुणावर आहे ते कळतं. स्कोलॅस्टिक ही शिकवायची पद्धत आहे, आशय कॅथलिक, ल्यूथरन, रिफॉर्म्ड (कॅल्विनच्या परंपरेतला) कुठलाही असू शकतो.

आणि कोरडेपणाचं म्हणाल तर येनाच्या योहान गेरहार्डने १६१० ते १६२२ मध्ये ल्यूथरनांचा 'लोकी' हा धर्मशास्त्राचा प्रचंड ग्रंथ लिहिला, त्याच माणसाचं १६०६ चं प्रार्थना-मननाचं छोटं पुस्तक वाचून बघा. उट्रेख्टच्या व्होएशियसने १६३४ मध्ये प्राध्यापकपद घेताना भाषणाला विषयच घेतला होता भक्ती आणि विद्या यांची सांगड. ल्यूथरन बाजू सोडू नका हेही सांगतो, बरेच जण फक्त रिफॉर्म्ड वाचतात आणि प्रभुभोजनावरचा अर्धा वाद त्यांना एकतर्फी ऐकू येतो.

जुनी_वही:

सगळ्यांचे मनापासून आभार. सातवा प्रश्न चार दिवस घेऊन बसलो, तीन ओळींत आला, आणि पहिल्यांदा असं झालं की वही न उघडता कुणाला तरी सांगता आला. कॅल्विनचा तो परिच्छेदही काढला, पण तिथेच परत अडलोय. आवश्यकतेचे दोन भेद म्हणतात, एक परिणामाची आणि एक परिणाम निघण्याची, दोन्ही मला सारखेच वाटतात. देवाने ठरवलं म्हणजे होणारच, मग वेगळं काय राहिलं?

सावकाश_वाचणारा:

मराठीत जर-तर घालून बघा. 'जर तो बसलेला मला दिसतोय, तर तो बसलाय.' यातला जर आणि तर यांच्यामधला सांधा अटळ आहे, पण 'तो बसलाय' ही गोष्ट स्वतः अटळ नाही, तो उभा राहू शकला असता. सांध्याची अटळता ती परिणाम निघण्याची आवश्यकता; गोष्ट स्वतःच अटळ असती तर ती परिणामाची. आता वाक्य बदला: 'जर देवाने ठरवलं की हाडं मोडणार नाहीत, तर ती मोडणार नाहीत.' सांधा पक्का, हाडं मात्र हाडंच राहिली, मोडू शकणारी. तुमचा प्रश्न, की मग मोकळीक कुठे उरली, तो रास्त आहे आणि याच प्रश्नावर पुढची शंभर वर्षं वाद झालाय. आता टुरेटिनचा सहावा विषय, देवाच्या तरतुदीवरचा (देव जग कसं चालवतो), त्यातला एक प्रश्न घ्या आणि प्रत्येक 'आवश्यक' शब्दाशेजारी पेन्सिलने लिहा, सांधा की गोष्ट. तीन ओळी झाल्या की इथे टाका, मीही तोच प्रश्न परत वाचतो.