चार मराठी हवाई दलप्रमुख, आणि बेळगावच्या नावानं शिमगा

येळ्ळूर रोड

परवा 'तिसरं गेट' यांनी जे लिहिलं ते थोडक्यात असं: मूळगावकर, टिपणीस, नाईक, चौधरी असे चार मराठी हवाई दलप्रमुख झाले, त्यात बेळगावचा एकही नाही. का? तर आपण पोरांना मराठी शाळेत घातलं, एक नोव्हेंबरला, काळ्या दिनाला, बेळगाव कर्नाटकात घातल्याच्या निषेधात काळ्या फिती लावून फिरवलं आणि मग भरतीच्या रांगेत उभं केलं. "सीमाभाग शिपाई पिकवतो, एअर मार्शल नाही," हे त्यांचं शेवटचं वाक्य. खाली वाहवा करणाऱ्यांची गर्दी.

तिथं उत्तर द्यायला बसलो आणि ते लांबलं, म्हणून वेगळा धागा. डोकं तापलेलं आहे, सांभाळून घ्या.

साहेब, प्रमुख कसा होतो हे बघितलंय का कधी? विवेक राम चौधरींचंच घ्या. गाव नांदेड जिल्ह्यातलं हस्तरा. कमिशन डिसेंबर १९८२, लढाऊ विमानांकडे. मिग-२१, मिग-२३, मिग-२९, सुखोई, सगळं उडवून झालं. सियाचिनची मेघदूत मोहीम झाली, कारगिलच्या वेळचं सफेद सागर झालं. ऑगस्ट २०२० ला वेस्टर्न एअर कमांड, जुलै २०२१ ला उपप्रमुख आणि ३० सप्टेंबर २०२१ ला प्रमुख. एकोणचाळीस वर्षं लागली. विंग कमांडरपर्यंत बढती वर्षांच्या हिशेबानं मिळते, पुढं प्रत्येक पायरीवर निवड आणि प्रत्येक पायरीवर गळती. त्यात एअर मार्शल साठीला घरी जातो. वरची खुर्ची रिकामी होईल तेव्हा तुमची साठी उलटलेली नको, म्हणजे गुणांबरोबर जन्मतारीखही जुळून यावी लागते. आणि हे सगळं फ्लाइंग ब्रँचवाल्यांपुरतं. बाकीच्या शाखेत कितीही मोठे व्हा, प्रमुखपद नाही.

म्हणजे २०२१ ला बेळगावचा प्रमुख हवा होता, तर त्या पोराला १९७८च्या आसपास एनडीए, म्हणजे सैन्याचे अधिकारी घडवणारी प्रबोधिनी, काय असते हे कळायला हवं होतं. आमच्या वेळी वर्गात गणितात पैकीच्या पैकी आणणारा एक पोरगा होता. यूपीएससीचा फॉर्म हेड पोस्टात मिळतो हे त्याला माहीत नव्हतं, त्याच्या बापाला नव्हतं आणि आमच्या सरांनाही नव्हतं. आज तो चांगला पोटापाण्याला लागलाय, तक्रार नाही. पण त्याला मराठी शाळेनं अडवलं म्हणता? ज्याच्या घरात एखादा काका, मामा अधिकारी होता, त्याला वाट ठाऊक होती. नाईकसाहेब साताऱ्याच्या सैनिक स्कूलचे. ती शाळा १९६१ची, देशातल्या पहिल्या सैनिक स्कूलांपैकी. आमच्याकडं मिलिटरी स्कूल १९४५ पासून आहे म्हणाल. आहे की! पण परीक्षा अखिल भारतीय, आणि निम्म्याहून जास्त जागा जवानांच्या पोरांना. भिंतीबाहेरच्या पोराला तिथनं फक्त बिगुल ऐकू येतो.

तिसरं गेट

माझं नाव घेऊन धागा काढलात, आभारी आहे. पण उत्तर कुठं आहे? वाट ठाऊक नव्हती, हेच तर मी म्हणतोय. का नव्हती? कारण आपल्या पुढाऱ्यांनी चाळीस-पन्नास वर्षं एकच वाट दाखवली, मोर्चाची. २०१४ ला येळ्ळूरच्या 'महाराष्ट्र राज्य' लिहिलेल्या फलकासाठी जेवढी पोरं जमली, त्यातली दहा टक्के एनडीएच्या परीक्षेला बसवली असती तर?

इंग्रजीचंही बोलू. एनडीएच्या लेखी परीक्षेत इंग्रजीलाच दोनशे गुण आहेत. बाकी पेपर हिंदीतही येतो, पण एसएसबीत, म्हणजे अधिकारी निवडणाऱ्या मंडळापुढं, गटचर्चेला बसल्यावर आमची पोरं 'आय थिंक सर' म्हणून गप्प होतात. मी माझी दोन्ही पोरं इंग्रजी शाळेत घातली. घाला शिव्या.

कॅम्पवाला

मूळ यादीच चुकीची आहे. एअर चीफ मार्शल लक्ष्मण माधव कात्रे कुठे गेले? सप्टेंबर १९८४ ला प्रमुख झाले आणि १ जुलै १९८५ ला पदावर असतानाच गेले. त्याआधी एचएएलचे, म्हणजे विमानं बनवणाऱ्या सरकारी कंपनीचे, अध्यक्ष होते. अभिमानाची यादी करायची तर निदान पूर्ण करा. आणि मूळगावकरांना नुसतं 'प्रमुख' म्हणून सोडू नका, महावीर चक्र होतं त्यांना, काश्मीरच्या पहिल्या लढाईतलं.

बाय द वे, प्रमुखाच्या खाली कुणी मोजायचंच नाही का? २८ जानेवारी २०२३ ला मोरेन्याजवळ सुखोई आणि मिराज पडले. मिराजमध्ये विंग कमांडर हनुमंतराव सारथी होते. घर गणेशपूरला. अंत्यदर्शनाला कोण कोण गेलं होतं इथलं?

तिसरं गेट

त्यांच्याबद्दल आदर आहेच. पण विषय मराठी शाळेतून आलेल्यांचा चाललाय. ते त्यात बसतात का?

अनगोळची लेक

शरम वाटू द्या जरा. माणूस विमानासकट गेला आणि तुम्ही त्याची शाळा विचारताय?

तिसरं गेट

ताई, मी विचारलं ते यादीच्या संदर्भात. भावनिक करू नका.

कॅम्पवाला

संदर्भ गेला खड्ड्यात. परवा तुम्हीच लिहिलंत, बेळगाव अधिकारी देत नाही. दिला होता. आता म्हणताय तसला नको, असला हवा.

खानापूर पॅसेंजर

एअर मार्शलचं सोडा ओ. शिपाई तरी कुठं नीट करून घ्यायलेत आता? सगळं अग्निवीर. पहाटे व्हॅक्सिन डेपोच्या मैदानावर जाऊन बघा. खानापूर, चंदगड, बेळगुंदी, उचगाव, कुठकुठली पोरं धावायलेत. ॲकॅडमीवाले एका खोलीत आठ-आठ पोरं ठेवतात, पत्र्याचं छप्पर, सकाळी भिजवलेले हरभरे आणि दोन केळी, की झाला खुराक. फी वर्षाची आगाऊ. पोरगा उंचीत कमी पडणार हे पहिल्या दिवशीच दिसतंय, तरी पैसे घेतात. आमच्या भावकीतल्या एकानं बैलजोडी विकून फी भरली, पोरगा छातीत बाद. कुणी परत दिले पैसे?

आणि मिळवून तरी काय? चार वर्षं. पहिल्या वर्षी हातात महिन्याला २१ हजार. शेवटी सेवानिधी म्हणून ११.७१ लाख, असं योजना काढली तेव्हा सांगितलं होतं. शंभरातले जास्तीत जास्त पंचवीस ठेवणार. बाकीचे पंचाहत्तर काय करणार, बँकेच्या दारात बंदूक घेऊन उभं राहणार?

निपाणीकर

त्यात वाईट काय? एकवीस-बावीसाव्या वर्षी एवढी रक्कम हातात. तंबाखूच्या वखारीत कधी मिळणार?

खानापूर पॅसेंजर

तुमच्या पोराला पाठवलात का?

निपाणीकर

माझा पोरगा सीए करतोय.

खानापूर पॅसेंजर

मग गप्प बसा की.

अनगोळची लेक

अग्निवीर म्हणजे फक्त पोरंच, असं धरून चाललेत सगळे. डिसेंबर २०२३ ला सांबऱ्याच्या एअरफोर्स केंद्रातूनच महिला अग्निवीरवायूंची, म्हणजे हवाई दलातल्या अग्निवीरांची, पहिली तुकडी बाहेर पडली. आपल्या अंगणात. बातमी किती जणांनी वाचली?

आता माझं ऐका. माझी मावसबहीण कित्तूरच्या राणी चन्नम्मा सैनिकी शाळेत होती. १९६९ची शाळा. मुली घोड्यावर बसायच्या, रायफल चालवायच्या, परेड अशी की बघत राहावं. आणि बारावीनंतर? एनडीएचं दार मुलींना बंद. २०२१ ला सुप्रीम कोर्टानं उघडायला लावलं तेव्हा ही दोन लेकरांची आई. तिला मराठी शाळेनं नाही अडवलं, मोर्चानंही नाही. चन्नम्माच्या नावाच्या शाळेत शिकवून 'आता बीएड कर' म्हणाले, हे कुणाच्या नावावर मांडायचं, तिसरं गेट?

तिसरं गेट

मुलींचा मुद्दा मान्य. तेवढा एकच.

निवृत्त सार्जंट, बाळेकुंद्री

नमस्कार. मी एअरफोर्समध्ये एअरमन म्हणून गेलो, सार्जंट म्हणून बाहेर आलो. बेसिक ट्रेनिंग सांबऱ्यालाच झालं, घरापासून सायकलच्या अंतरावर, तरी घरी जायची सोय नाही. आई फाटकापर्यंत भाकरी घेऊन यायची, गार्ड परत पाठवायचा.

इथं सगळे समजतात सांबऱ्याला एअरफोर्स म्हणजे लढाऊ विमानं. ओ, तिथं एअरमनना घडवतात. कवायत, शिस्त, वर्ग. आमच्या पोरांनी फाटकातून बघितलं ते पीटीच्या चड्डीत धावणारे एअरमन, पायलट नाही बघितला. जे दिसतं तेच व्हावंसं वाटतं. बेळगावचं शिपाईपण तिथनं आलंय. त्यात मराठा लाइट इन्फंट्रीचं केंद्र गावात. मग काय, घरात एकजण भरती झाला की पुतणे, भाचे मागं मागं.

पुढं मिग-२१ वर होतो. पायलट कॉकपिटात बसला की पट्टे आम्ही आवळायचे, सीटच्या सेफ्टी पिना काढायच्या, त्याला हातात धरून दाखवायच्या, त्यानं मान हलवली की शिडी काढायची. मे महिन्यात राजस्थानात त्या कॅनोपीच्या आत हात घालून बघा, तव्यावर ठेवल्यासारखा भाजतो. जे साहेब पुढं मोठे झाले, त्यातले एक-दोघं उतरल्यावर आधी आमची चौकशी करायचे, मग पाणी प्यायचे. बाकीच्यांचं बोलत नाही. तेव्हा शिपाई पिकवतो, हे वाक्य मला लागलं. पिना कोण काढतो मग?

तिसरं गेट

काका, अपमान करायचा हेतू नव्हता. पण तुमचाच पोरगा अधिकारी व्हावा असं तुम्हाला वाटलं नाही का? खरं सांगा.

निवृत्त सार्जंट, बाळेकुंद्री

वाटलं. म्हणून तर सांगायलोय. मराठी शाळेत शिकला, इंग्रजी फाटकं, तरी म्हैसूरच्या निवड बोर्डात पाच दिवस टिकून शिफारस घेऊन आला. पडला कुठं? पायलटच्या यंत्रावरच्या चाचणीत. जॉयस्टिक, पॅडल, पडद्यावरचा ठिपका धरून ठेवायचा. ती जन्मात एकदाच देता येते. सकाळी पडलास की आयुष्यभर पायलट नाही. तिथं इंग्रजी विचारत नाहीत आणि मराठीही विचारत नाहीत. आज ग्राउंड ड्यूटीला आहे, अधिकारीच आहे. प्रमुख मात्र होणार नाही, वर येळ्ळूरकरांनी सांगितलंच आहे का ते.

येळ्ळूर रोड

काका, हे तुम्ही आधी का लिहिलं नाही? माझा अर्धा धागा लिहायचा वाचला असता.

निपाणीकर

एक उदाहरण म्हणजे पुरावा नव्हे, एवढं नमूद करतो.

खानापूर पॅसेंजर

सीएंचे वडील बोलले.

मूळ रडगाणं राहिलंच. कर्नाटकवाले म्हणणार तुम्ही मराठी, महाराष्ट्रवाले म्हणणार तुमचा डोमिसाईल कर्नाटकचा. ८६५ गावं आमची म्हणून २००४ पासून सुप्रीम कोर्टात दावा चालू आहे, पण पोराला ॲडमिशन द्यायची वेळ आली की आम्ही परराज्यातले. संभाजीनगरला एनडीएसाठी सरकारी संस्था आहे म्हणे, तिथं फक्त महाराष्ट्राचीच पोरं घेतात.

येळ्ळूर रोड

चूक. सर्व्हिसेस प्रिपरेटरी इन्स्टिट्यूट, १९७७ची. अकरावी-बारावी तिथं राहून एनडीएची तयारी करून घेतात. पात्रतेत महाराष्ट्राबरोबर बेळगाव, कारवार आणि बिदर जिल्हे स्पष्ट लिहिलेले आहेत. आता मुलींसाठी नाशिकला वेगळी काढलीय. दहावीला असतानाच अर्ज करावा लागतो.

खानापूर पॅसेंजर

आणि हे आम्हाला कुणी सांगायचं? काळ्या दिनाला एवढी पत्रकं वाटतात, त्यात एक ओळ टाकायला काय जातं?

तिसरं गेट

हा हा. मग मी परवापासून काय बोंबलत होतो? स्वागत आहे माझ्या बाजूला.

येळ्ळूर रोड

पत्रकात ओळ टाका म्हणणं वेगळं आणि मोर्चा बंद करा, शाळा बंद करा म्हणणं वेगळं. पण ठीक, पत्रकाचं तुमचं बरोबर. मंडळांच्या गणपतीत एक संध्याकाळ ऑर्केस्ट्राऐवजी काकांना बोलवा, हेही तुमच्याच खात्यावर लिहा. खूश?

तिसरं गेट

लिहून घेतलं. इंग्रजीचं मात्र सोडत नाही.

अनगोळची लेक

काका, माझी भाची दहावीत आहे. विज्ञानात बरी आहे, धावते चांगली, चष्मा मात्र आत्ताच लागलाय. नाशिकच्या परीक्षेचा अभ्यास कुठून सुरू करू?

निवृत्त सार्जंट, बाळेकुंद्री

आधी नंबर किती ते डोळ्याच्या डॉक्टरकडून कागदावर लिहून आणा. पायलटचे नियम कडक आहेत, बाकीच्या शाखांना थोडी सूट असते. मग आठवी, नववी, दहावीचं गणित परत पहिल्यापासून. आणि ॲकॅडमीवाल्याला एक रुपया देऊ नका, रविवारी माझ्याकडं पाठवा. इंग्रजी 'तिसरं गेट'कडून शिकून घेऊ दे, एवढी हौस आहे तर.

तिसरं गेट

पाठवा. फी नाही घेणार. पण आधी मराठी शाळेत घातल्याबद्दल तिच्या बापाला बोलणार.