अकरावीसाठी इंग्रजी शब्दकोश: कोणता घ्यावा, कसा बघावा?

प्रश्न
मराठी माध्यमातून अकरावीत गेलेल्या मुलीसाठी कोश हवा आहे. सध्या इंग्रजी-मराठी वापरते. अर्थ कळतो, पण लिहिताना 'डिस्कस अबाउट', 'मॅरिड विथ', 'अ‍ॅन अ‍ॅडव्हाइस' असं होतं.

शब्दवेडा
या तिन्ही चुका मराठीतून आल्यात. आपण एखाद्या गोष्टी'बद्दल' चर्चा करतो, कुणा'शी' लग्न करतो आणि 'एक' सल्ला देतो. इंग्रजी-मराठी कोश अर्थ सांगून थांबतो, म्हणून त्या सुटत नाहीत.

मुखपृष्ठावर 'लर्नर्स' शब्द बघून घ्या. 'कन्साइज ऑक्सफर्ड' नको, तो मातृभाषा इंग्रजी असलेल्यांसाठी आहे. 'ऑक्सफर्ड अ‍ॅडव्हान्स्ड लर्नर्स' (दहावी आवृत्ती, 2020) चांगला. 'लाँगमन' हा दुसरा लर्नर्स कोश; त्याच्या व्याख्या सुमारे 2000 सोप्या शब्दांत बसवलेल्या असतात, त्यामुळे सुरुवातीला तो जास्त झेपतो. दोन्ही ऑनलाइन फुकट आहेत.

आता 'अ‍ॅडव्हाइस' काढा. शेजारी 'अनकाउंटेबल' दिसेल (काही कोशांत नुसतं 'यू'). म्हणजे 'अ‍ॅन' नाही, शेवटी 'एस'ही नाही. म्हणायचं 'अ पीस ऑफ अ‍ॅडव्हाइस'. 'मॅरिड'च्या नोंदीत 'टू' सापडेल. 'डिस्कस'च्या उदाहरणांत क्रियापदानंतर थेट कर्म येतं. अर्थ वाचून कोश मिटायचा नाही, किमान दोन उदाहरणवाक्यं वहीत उतरवायची.

प्रश्नकर्ती
'रन'ची नोंद केवढी लांब आहे! आणि व्याख्येतलाच शब्द अडला तर?

जुनी_वही
लांब नोंद सलग वाचूच नका. प्रत्येक अर्थाच्या किंवा गटाच्या डोक्यावर एक-दोन शब्दांची पाटी असते, फक्त त्या पाट्यांवरून नजर फिरवा. 'पुट अप विथ'सारखं काही हवं असेल तर थेट 'पुट'च्या नोंदीच्या शेवटी जा.

उच्चारातली छोटी उभी रेघही बघा. रेघेनंतरच्या अवयवावर (सिलेबल, म्हणजे शब्दाचा एका दमात उच्चारला जाणारा तुकडा) जोर. 'फोटोग्राफ'मध्ये तो पहिल्यावर, 'फोटोग्राफी'त दुसऱ्यावर. आपण सगळे अवयव सारख्याच वजनाने म्हणतो, तिथेच घोटाळा. पदपथावरून स्वस्त प्रत घेणार असाल तर या रेघा नीट छापल्यात का, ते आधी तपासा.

शब्दवेडा
व्याख्येत एखादा शब्द अडला तर त्याचीही नोंद बघायची. तीन-चार अडायला लागले तर कोश एक पायरी खालचा, 'इंटरमीजिएट' घ्या.

जुना इंग्रजी-मराठी कोश मात्र रद्दीत देऊ नका. 'क्युमिन' म्हणजे एका वनस्पतीच्या वाळवलेल्या बिया, मसाल्यात वापरतात, हे वाचून काय डोंबल कळणार? तिथे 'जिरे' एवढंच पुरतं.