विक्रांतवरच्या स्टोकर आजोबांची नोकरी पदकांवरून कशी समजून घ्यावी?

प्रश्न (लिहिणार: कातळवाट)

माझ्या आईचे वडील १९५५ साली नौदलात भरती झाले आणि चोवीस वर्षांच्या नोकरीनंतर १९७९ मध्ये गुहागरजवळच्या आमच्या गावी परतले. युद्धाबद्दल कोणी विचारले की त्यांचे एकच उत्तर असे : "मी युद्ध पाहिलेच नाही." त्यामुळे ते भांडारात किंवा किनाऱ्यावरच्या एखाद्या कचेरीत असावेत, असे मामांनी परस्पर ठरवून टाकले होते. आजी गेल्यानंतर या दिवाळीत त्यांची पत्र्याची ट्रंक उघडली, तेव्हा फडक्यात गुंडाळलेली सहा पदके मिळाली : रक्षा पदक १९६५, संग्राम पदक, पूर्वी स्टार, स्वातंत्र्याच्या पंचविसाव्या वर्षाचे पदक आणि नऊ व वीस वर्षांच्या दीर्घ सेवेची दोन. संग्राम पदकाच्या कडेवर क्रमांक, नाव आणि "एल. एम. ई." अशी अक्षरे कोरलेली आहेत. आजोबा इंजिनिअर होते, अशी गावात समजूत होती; ती या अक्षरांवरूनच पसरली असावी. त्यांचे नेमके काम काय होते आणि ते युद्धात खरोखर होते का, हे जाणकारांनी सांगावे.

जुना स्टोकर

एल. एम. ई. म्हणजे लीडिंग मेकॅनिकल इंजिनिअर. नावात इंजिनिअर असले तरी हा अधिकारी नव्हे, तर इंजिन विभागातला नौसैनिक. आम्ही आपसांत त्याला स्टोकरच म्हणतो. कोळशाची जहाजे गेली, तेलावरचे बॉयलर आले, पण शब्द मात्र राहिला. या शाखेचे शिक्षण लोणावळ्याच्या आय. एन. एस. शिवाजीवर होते, तेव्हा तुमचे आजोबाही बहुधा तिथूनच गेले असतील.

"युद्ध पाहिलेच नाही" हे वाक्य माझ्या कानांना अजिबात खोटे वाटत नाही. मी त्यांच्यानंतर बऱ्याच वर्षांनी आणि दुसऱ्या जहाजावर होतो, पण बॉयलर रूम सगळीकडे सारखीच. लढाईचा इशारा झाला की वरची झाकणे घट्ट आवळली जातात आणि खालचा माणूस पाळी संपेपर्यंत पाण्याच्या पातळीखाली, रंग लावलेल्या लोखंडात बंद होतो. तिथे समोर काचेची उभी नळी असते, बॉयलरमधले पाणी दाखवणारी. तिच्यावरून नजर हलवायची नाही, कारण पाणी कमी झाले तर नळ्या जळतात आणि जास्त झाले तर वाफेबरोबर टर्बाइनमध्ये शिरते. तेलाचे फवारे कमी-जास्त करायचे आणि हवा अशी द्यायची की धुराड्यातून काळा धूर निघणार नाही, कारण शत्रूला जहाजाआधी धूर दिसतो. मला स्वतःला सर्वांत जास्त भीती पाइपातून निसटणाऱ्या अतितप्त वाफेची वाटे, कारण ती डोळ्यांना दिसत नाही. फक्त आवाज येतो आणि कुठून येतो ते कळत नाही. अशा वेळी जुने लोक काठीला चिंधी बांधून पुढे धरत चालत. उन्हाळ्यात गंजीफ्रॉक पिळून पुन्हा अंगात घालावा लागे.

आणि ते विक्रांत या विमानवाहू युद्धनौकेवर असतील, तर गोष्ट आणखी निराळी आहे. १९७१ मध्ये विक्रांतच्या चार बॉयलरांपैकी एकाच्या ड्रमला तडे गेलेले होते आणि त्यामुळे जहाजाला जेमतेम सोळा नॉटच्या (ताशी सोळा सागरी मैलांच्या) आसपास वेग घेता येत होता. विमानवाहू जहाजावर वेग म्हणजे डेकवरचा वारा आणि वारा म्हणजे विमानाचे उड्डाण. शिवाय विमान फेकणारे कॅटापल्टसुद्धा वाफेवरच चालणारे. म्हणजे सीहॉक आणि अलिझे विमाने उडतील की नाही, हे खालच्या स्टोकरच्या हातांवरही अवलंबून होते. वृत्तपत्रांत फोटो वैमानिकांचे आले आणि ते योग्यच होते, पण मामांना एवढे जरूर सांगा.

पानगळ

पदकांवरून थोडे अधिक वाचता येते. रक्षा पदक १९६५ साली सेवेत असलेल्यांना व्यापक प्रमाणावर दिले गेले, तर समर सेवा स्टार प्रत्यक्ष मोहिमेच्या क्षेत्रात असलेल्यांना. आजोबांकडे पहिले आहे, दुसरे नाही. त्या युद्धात विक्रांत मुंबईत दुरुस्तीला लागलेली होती, त्यामुळे हे जुळते. पूर्वी स्टार १९७१ च्या पूर्व आघाडीचा. पश्चिमेकडे, म्हणजे कराचीवरच्या हल्ल्यात किंवा खुकरी या युद्धनौकेबरोबर असते, तर पश्चिमी स्टार मिळाला असता. तेव्हा किनाऱ्यावरच्या कचेरीची शंका बरीच मावळते.

मात्र एक सावधगिरी बाळगावी. पूर्वी स्टार आहे म्हणून जहाज विक्रांतच, असे म्हणता येणार नाही. ब्रह्मपुत्र, बियास, कामोर्टा, कवरत्ती हीसुद्धा त्या बाजूला होती. पक्के उत्तर सेवा-अभिलेखातच मिळेल. नौसैनिकांची कागदपत्रे मुंबईत मानखुर्दच्या चीता कॅम्पमधील ब्यूरो ऑफ सेलर्समध्ये असतात. आजींच्या कुटुंब निवृत्तिवेतनाच्या आदेशावर सेवा क्रमांक असेल. तो पदकावरच्या क्रमांकाशी पडताळून घ्या आणि जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयामार्फत अर्ज करा. त्या काळी भरती दहा वर्षांच्या करारावर होत असे आणि पुढची दहा वर्षे राखीव दलात नाव राहत असे. चोवीस वर्षे प्रत्यक्ष सेवा म्हणजे त्यांनी मुदत वाढवून घेतली असणार, आणि त्या नोंदीही अभिलेखात असाव्यात.

कातळवाट

दोघांचेही मनापासून आभार. पानगळ यांच्या सूचनेनंतर ट्रंकेचा तळ पुन्हा तपासला. आजीने पाठवलेले एक पाकीट सापडले, त्यावर आजोबांचे नाव, खाली "आय. एन. एस. विक्रांत" आणि त्याखाली "फ्लीट मेल ऑफिस, मुंबई" असे लिहिलेले आहे. जहाज त्या वेळी अंदमानच्या पोर्ट कॉर्नवॉलिसला लपलेले होते, याची आजीला कल्पना असण्याचे कारणच नव्हते. पत्रात भाताची मळणी, गाभण गाय आणि आईच्या शाळेची फी एवढाच मजकूर आहे. त्याच कागदाच्या मागे आजोबांनी पेन्सिलीने २ ते ६ डिसेंबरच्या आपल्या पाळ्या लिहून ठेवल्या आहेत. विक्रांतच्या विमानांनी तेव्हाच्या पूर्व पाकिस्तानातल्या कॉक्स बाजारवर पहिला हल्ला केला त्या ४ तारखेपुढे "८ ते १२" असे आहे, आणि ही ओळ मामांनी काल दोनदा वाचली. अर्ज या आठवड्यात पाठवत आहे.