उतरती शीळ
पृथ्वीभोवतीच्या अवकाशातून शिळेसारखे आवाज ऐकू येतात. पण अवकाशात हवा नाही, मग आवाज कसा, असं कुणीही विचारेल. हा ध्वनी नाहीच, रेडिओलहरी आहेत. पण वारंवारता आपल्या कानाला झेपेल इतकीच, काही शे ते काही हजार हर्ट्झ. त्यामुळे लांब तार आणि अँप्लिफायर जोडला की हेडफोनवर थेट ऐकू येतात.

पहिल्या महायुद्धात शत्रूचे फोन चोरून ऐकताना जर्मन भौतिकशास्त्रज्ञ बार्कहाउझेनना 'पिऊऽऽ' अशी शीळ ऐकू आली. उलगडा ब्रिटिश भौतिकशास्त्रज्ञ स्टोरींनी केला, १९५३ मध्ये. आकाशात कडाडलेल्या विजेची रेडिओलहर पृथ्वीच्या चुंबकीय बलरेषेवरून दुसऱ्या गोलार्धात पोचते. वाटेत उंच स्वर पुढे निघतात, खर्ज मागे रेंगाळतो. म्हणून शीळ उतरत जाते.

'कोरस' हा असाच दुसरा आवाज, पण वेगळा; प्रारणपट्ट्यांतल्या, म्हणजे पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्रात अडकलेल्या वेगवान कणांच्या पट्ट्यांतल्या, इलेक्ट्रॉनांमुळे उमटणारा. पहाटे झाडावर पाखरं जागी व्हावीत अगदी तसा! या पट्ट्या अभ्यासणाऱ्या नासाच्या व्हॅन अ‍ॅलन यानांनी टिपलेला तरी ऐकाच.