मदत हवी आहे: सीएचबीचे (तासिका तत्त्वावरचे) 65 तास कापले, आता 'काही येणे नाही' असं लिहून मागतायत. सही करू का?

नमस्कार. सांगली जिल्ह्यातल्या एका अनुदानित वरिष्ठ महाविद्यालयात मी तासिका तत्त्वावर मराठी शिकवते. सेट (प्राध्यापकपदासाठीची राज्य पात्रता परीक्षा) झाली आहे, हे चौथं वर्ष. कॉलेजचं नाव लिहीत नाही, कारण जुलैत पुन्हा तिथंच मुलाखतीला जायचं आहे.

नेमणूक पत्रात तासाला 900 रुपये, आठवड्याला 9 तास असं आहे. माझ्या दैनंदिनीप्रमाणे वर्षभरात 236 तास झाले. रजिस्टरवर प्रत्येक तासाचा वर्ग, घटक, वेळ आणि माझी सही आहे. पैसे आले 171 तासांचे, आणि पहिल्या सत्राचे तर थेट मार्चमध्ये. राहिलेल्या 65 तासांचे 58,500 रुपये होतात. आमच्या घरात ही रक्कम लहान नाही.

ऑफिसात विचारलं तर म्हणाले, उच्च शिक्षण खात्याच्या सहसंचालक कार्यालयानं कापले. प्राचार्य सर म्हणाले, युवा महोत्सव आणि अंतर्गत परीक्षेच्या दिवसांत तास झालेच कुठं? पण त्या आठवड्यांतही मी सकाळी साडेसातचा तास घेतलाय. मुलं होती, सही आहे. परीक्षेचं सुपरव्हिजन, नॅकच्या (कॉलेजच्या मूल्यांकनाच्या) फायली, प्रवेशाच्या वेळी टेबलावर बसणं, यातलं काहीच मी मागत नाहीये. वर्गात उभं राहून शिकवलं तेवढंच मागतेय.

मार्चपर्यंत हातात एक रुपया नव्हता. मिरजेहून रोज एसटीनं येते, बायकांना अर्धं तिकीट आहे म्हणून निभावलं. इतिहासाचे सर पूर्ण तिकीट काढून यायचे. पीएचडी झालेला माणूस, डिसेंबरात सोडून कुपवाड एमआयडीसीत कामाला लागले. त्यांचा पेपर पुढं कुणी शिकवलाच नाही, मुलांनी गाईडवर परीक्षा दिली. हे आठवलं की पैशापेक्षा जास्त त्रास होतो.

आता गेल्या आठवड्यात क्लार्कनी एक टाइप केलेला कागद पुढं केला: 'सर्व मानधन मिळाले, कोणतेही येणे बाकी नाही.' सही केली तरच अनुभव प्रमाणपत्र मिळेल म्हणे. करू का? कामगार न्यायालयात जाता येतं का? आणि यूजीसीचा (विद्यापीठ अनुदान आयोगाचा) 1500 रुपयांचा दर आम्हाला लागू नाही का? कुणी या वाटेनं गेलं असेल तर सांगा.

कृष्णाकाठ यांचा प्रतिसाद

ताई, आधी एक: त्या कागदावर आहे तशी सही करू नका. एकदा 'येणे नाही' लिहून दिलं की तुमच्या रजिस्टरलाही कुणी विचारत नाही.

तास नेमके कापले कुठं, हे सगळ्यात आधी शोधा. कॉलेजनं सहसंचालकांकडे बिल 236 तासांचं पाठवलं की 171 चंच? माझ्या वेळी कॉलेजनंच कमी तास लावले होते आणि आम्ही दोन वर्षं कोल्हापूरच्या सहसंचालक कार्यालयाला दोष देत बसलो. त्यासाठी उच्च शिक्षण सहसंचालक, कोल्हापूर विभाग यांच्याकडे माहिती अधिकाराचा अर्ज करा. 10 रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावा, विषय एकच ठेवा, मजकूर 150 शब्दांच्या आत. 'अमुक महाविद्यालयाची तासिका तत्त्वावरील मराठी विषयाची मासिक देयके व मंजुरीच्या प्रती' एवढंच मागा. 30 दिवसांत उत्तर द्यावं लागतं.

दरम्यान प्राचार्यांना महिनावार तक्ता जोडून अर्ज द्या आणि आवक क्रमांकासह पोच घ्या. तोंडी बोलणं आता बंद. दाद नाही मिळाली तर शिवाजी विद्यापीठाकडे तक्रार निवारण समिती आहे, 2016 च्या विद्यापीठ कायद्यातच तिची तरतूद आहे. कामगार न्यायालयाचा रस्ता धरू नका. शिक्षक हा तेव्हाच्या औद्योगिक विवाद कायद्यातला 'कामगार' नाही, असा सर्वोच्च न्यायालयाचा 1988 चा निकाल आहे. थकलेल्या मानधनासाठी दिवाणी दावा करता येतो, पण 3 वर्षांच्या आत. जुन्या वर्षांचे तासही राहिले असतील तर तारखा आत्ताच बघा.

1500 रुपयांचं म्हणाल तर यूजीसीनं जानेवारी 2019 मध्ये अतिथी प्राध्यापकांसाठी तासाला 1500 आणि महिन्याला जास्तीत जास्त 50,000 असं सुचवलं, हे खरं. पण आपलं बिल राज्याच्या शासन निर्णयातल्या दरानं निघतं. ती लढाई संघटनेनं लढायची. गुजरातच्या कंत्राटी सहायक प्राध्यापकांच्या बाजूनं सर्वोच्च न्यायालयानं ऑगस्ट 2025 मध्ये निकाल दिलाय, त्यामुळे तिथं बळ आहे. तुमच्या अर्जात मात्र ते घालू नका. तुमचा प्रश्न सरळ हिशोबाचा आहे, तो हिशोबाचाच राहू द्या.

पलूसकर यांचा प्रतिसाद

मॅडम, प्रमाणपत्रासाठी अगदीच अडवलं तर सहीच्या वर स्वतःच्या हातानं लिहा: '171 तासांचे मानधन मिळाले, 65 तासांचे येणे बाकी, हक्क राखून सही.' मी असंच केलं होतं. कुरकुर झाली, पण कागद घेतला. आणि रजिस्टरचे फोटो आजच काढा. सुट्टीत रजिस्टर कपाटात जातं, मग मिळत नाही.

धागाकर्ती

दोघांचेही मनापासून आभार. आज रजिस्टरच्या सगळ्या पानांचे फोटो काढले. मोजले तर तास 238 निघाले, दोन माझ्याच दैनंदिनीत लिहायचे राहिले होते. अर्जात 238 लिहू की 236 च ठेवू? पोच घ्यायला उद्या सकाळी जातेय, त्याआधी सांगाल का?