मदत हवी आहे: थकबाकीदार ठरवून कमिटीतून काढायला निघालेत

नमस्कार. जरा लांबलचक आहे, पण वाचा.

डोंबिवलीत आमची ४२ फ्लॅटची सोसायटी. गेल्या निवडणुकीत महिलांच्या राखीव जागेवर मी बिनविरोध आले आणि कुणालाच नको असलेलं खजिनदारपद माझ्या गळ्यात पडलं. पाच महिने झाले. उन्हाळ्यातल्या पाण्याच्या टँकरची व्हाउचरं मी जुन्या सेक्रेटरी काकांकडे मागितली. व्हाउचरं आलीच नाहीत, उपनिबंधक कार्यालयाचं पत्र मात्र आलं. मी थकबाकीदार आहे, सबब कमिटीवर राहायला अपात्र, अशी काकांची तक्रार. पुढच्या गुरुवारी सुनावणी.

आता थकबाकी कसली ते सांगते. नवऱ्याची नाशिकला बदली झाली तेव्हा ११ महिने फ्लॅट भाड्याने दिला होता. सोसायटीने नॉन-ऑक्युपन्सी (मालक स्वतः राहत नसल्याचं शुल्क) म्हणून महिना १,५०० लावले. आमचं सेवाशुल्क १,८००, म्हणजे १० टक्क्यांच्या हिशेबाने १८० होतात. आम्ही तेवढेच भरत गेलो, तसं पत्रही दिलं, पोच आहे. महिन्याला १,३२० चा फरक, ११ महिन्यांचे १४,५२०, वर २१ टक्के व्याज. बिलात दर महिन्याला ‘मागील बाकी’ येते आणि काकांच्या काळात त्या आकड्याभोवती लाल पेनाने गोल असायचा. आता बिलं मीच काढते, त्यामुळे माझीच बाकी मीच छापून माझ्याच पत्रपेटीत टाकते!

अर्जांच्या छाननीच्या दिवशी कुणी हरकत घेतली नव्हती. मग आता घेता येते का? आणि आत्ता पैसे भरून टाकले तर चूक कबूल केल्यासारखं होईल का?

पागोळी: १० टक्क्यांचं तुमचं बरोबर आहे. १ ऑगस्ट २००१ च्या शासन आदेशाने ती मर्यादा घातली आणि मुंबई उच्च न्यायालयानेही ती उचलून धरली. सर्वसाधारण सभेने ठराव केला असला तरी १,५०० घेता येत नाहीत. आदेशाची प्रत फाइलमध्ये सगळ्यात वर लावा.

जुना कारकून: ताई, थोडं कडू बोलतो. रक्कम चूक की बरोबर हा एक मुद्दा झाला. तुम्ही थकबाकीदार आहात का, हा वेगळा. गृहनिर्माण संस्थांसाठी २०१९ साली महाराष्ट्राच्या सहकारी संस्था कायद्यात स्वतंत्र प्रकरण आलं, त्यातलं कलम १५४ब-२३ वाचा. बिल किंवा नोटीस मिळाल्यापासून तीन महिन्यांत पैसे भरले नाहीत की माणूस थकबाकीदार. बिलं तुम्हाला मिळत होती, हे तुम्हीच वर लिहून बसलात. ‘नोटीसच आली नाही’ या बचावावर विसंबू नका. सगळा जोर ‘हे देणं कायद्याने लागूच नव्हतं’ यावर द्या.

छाननीचं म्हणाल तर, निवडणुकीला आव्हान द्यायचं तर निकालापासून दोन महिन्यांत सहकार न्यायालयात जावं लागतं. ती मुदत काकांनी घालवली. पण अपात्रतेची तक्रार निबंधकाकडे नंतरही करतात, म्हणून तेवढ्यावर सुटाल असं धरून चालू नका.

चौथा मजला: शेअर सर्टिफिकेटवर पहिलं नाव कुणाचं?

धागाकर्ती: नवऱ्याचं. दुसरं माझं. त्याची लेखी संमती अर्जासोबत जोडली होती. बिलंही त्याच्याच नावाने निघतात. म्हणजे थकबाकीदार तो आणि अपात्र मी, असं म्हणता येईल?

जुना कारकून: म्हणून बघा, पण शेवटी म्हणा. फ्लॅट एक, देणं एक. अधिकाऱ्याला पळवाट वाटली तर चांगला मुद्दाही फिका पडतो.

पागोळी: काकांची मुलं किती? कांदिवलीच्या एका सोसायटीत दोनपेक्षा जास्त मुलं म्हणून कमिटी सदस्याला अपात्र ठरवलं होतं, आणि तो उच्च न्यायालयातही हरला. सहज विचारलं.

धागाकर्ती: तीन! पण धाकटा माझ्याच वयाचा आहे हो. ७ सप्टेंबर २००१ च्या आधीची मुलं चालतात. शिवाय काका आता कमिटीवर नाहीतच.

चौथा मजला: पैसे हरकत नोंदवून भरा. चेकसोबतच्या पत्रात स्पष्ट लिहा की रक्कम मान्य नाही, परतफेडीचा हक्क राखून भरतोय. कबुली होत नाही. माझ्या भावाने असंच केलं होतं. मात्र आज भरल्याने निवडणुकीच्या दिवशीची थकबाकी पुसली जाते असं नाही, हेही लक्षात ठेवा. आणि पावतीवर खजिनदार म्हणून स्वतः सही करू नका, अध्यक्षांची घ्या.

जुना कारकून: हे शेवटचं महत्त्वाचं. आणखी एक. निवडणुकीआधी थकबाकीदारांची यादी नोटीस बोर्डावर लावली होती का? लावली असेल आणि त्यात तुमचं किंवा साहेबांचं नाव नसेल तर तो कागद सोन्याचा. आदेश विरोधात गेलाच तर कलम १५२ खाली अपील आहे, आदेश मिळाल्यापासून दोन महिन्यांत. आदेशाची प्रमाणित प्रत लगेच मागा.

धागाकर्ती: यादी लावली होती! मी तिचा फोटोही काढला होता, कारण शेजारच्या विंगमधले तिघे तीत होते आणि त्यावरून भांडण पेटलं होतं. आत्ता मोबाइलमध्ये शोधला. सात नावं आहेत, खाली काकांची सही आणि शिक्का. आमचं नाव नाही. उद्या प्रिंट काढते, आणि मूळ यादीची प्रत मिळावी म्हणून सोसायटीकडे अर्ज करते. म्हणजे माझ्याचकडे. की हाही अर्ज अध्यक्षांच्या नावाने करू?

जुना कारकून: अध्यक्षांच्या नावाने. आणि पोच घ्या.